चालत जाण्याएवढं गाव

१. वस्ती की कोंडवाडा?

एकाच धर्माची किंवा एकाच वर्णाची माणसं शहराच्या एकाच भागात का राहतात, असं विचारणाऱ्याच्या मनात बहुतेक वेळा उत्तर तयार असतं. कोणी म्हणतं, त्यांना आपल्याच माणसांत राहायला आवडतं. कोणी म्हणतं, त्यांना दुसरीकडे घर मिळतच नाही. अमेरिकेतल्या ज्यू आणि कृष्णवर्णीय वस्त्यांबद्दल गेली शंभर वर्षं हीच दोन उत्तरं आलटून पालटून दिली जात आहेत, आणि पंचाईत अशी की दोन्ही खरी आहेत. भिंत बाहेरच्यांनी बांधली हे खरं, आणि भिंतीच्या आत माणसांनी हौसेनं संसार मांडला हेही खरं. पण भिंत आणि संसार वेगवेगळे काढून पाहिले नाहीत, तर एक वस्ती का टिकली आणि दुसरी का मोडली याचा उलगडा होत नाही.

‘घेट्टो’ या शब्दाचाच प्रवास पाहा. १५१६ मध्ये व्हेनिसच्या सरकारनं शहरातल्या ज्यूंना पाण्यानं वेढलेल्या एका तुकड्यावर राहायला लावलं. रात्री त्याचे दरवाजे बंद होत आणि पहारेकऱ्यांचा पगार ज्यूंकडूनच वसूल होई. १७९७ मध्ये नेपोलियनच्या सैन्यानं ते दरवाजे काढून टाकले. शब्द मात्र उरला आणि स्थलांतरितांच्या बोचक्यातून अमेरिकेत पोहोचला. शिकागोचा समाजशास्त्रज्ञ लुई वर्थ यानं १९२८ मध्ये ‘द घेट्टो’ हे पुस्तक लिहिलं ते मॅक्सवेल स्ट्रीटच्या ज्यू वस्तीवर. पुढच्या पिढीत तोच शब्द कृष्णवर्णीयांच्या वस्तीला चिकटला, आणि इतका घट्ट की आज अमेरिकेत तो उच्चारला की ज्यू कोणाच्या मनातही येत नाहीत. आता याच्या शेजारी मुंबईतली मांडवी ठेवून बघा. तिथे १७९६ साली शार हरहमीम सिनेगॉग उभं राहिलं आणि त्याच्या आसपास मराठी बोलणाऱ्या बेने इस्रायलांची आळी वसली. तिला कोणी दरवाजा लावला नव्हता. म्हणजे भिंतीशिवायही वस्ती होते. मग ती कशानं होते?

२. दहा माणसांचं गणित

ज्यू धर्मात सार्वजनिक प्रार्थना पूर्ण रूपात व्हायची तर दहा प्रौढ जमावे लागतात. या दहांच्या जमावाला ‘मिन्यान’ म्हणतात. परंपरावादी ज्यू त्यात फक्त पुरुष धरतात, सुधारणावादी स्त्रियांनाही धरतात. नियम साधा दिसतो, पण त्याचे हातपाय लांबवर पसरले आहेत. आई किंवा वडील वारले की मुलानं अकरा महिने ‘कद्दिश’ ही प्रार्थना म्हणायची असते आणि ती एकट्यानं म्हणता येत नाही. म्हणजे ज्याच्या घरी दुःख झालं आहे त्याला रोज आणखी नऊ माणसं लागतात. आज तुमच्या वडिलांसाठी मी पहाटे उठून आलो, उद्या माझ्यासाठी तुम्ही याल. हा हिशेब कुठल्या वहीत लिहिलेला नसतो, तरी तो कोणी विसरत नाही.

आता एक छोटं गणित मांडू. समजा, एका भागात शंभर ज्यू कुटुंबं आहेत. त्यातल्या निम्म्यांना रोजच्या प्रार्थनेचं सोयरसुतक नाही. उरलेल्या पन्नास घरांतले कोणी आजारी, कोणी परगावी, कोणाची सकाळची पाळी. साडेसहाला हजर होतील असे वीस जण निघतात. यातली निम्मी कुटुंबं दुसरीकडे राहायला गेली की आकडा दहावर येतो, आणि मग एखाद्याला सर्दी झाली तरी प्रार्थना अडते. त्यातून शनिवारी, म्हणजे शब्बाथला, परंपरावादी ज्यू गाडी चालवत नाहीत. सिनेगॉग चालत जाण्याच्या अंतरावरच हवं. स्त्रियांच्या विधिस्नानासाठीचं ‘मिक्वे’ जवळ हवं, आणि शुक्रवारची लगबग उरकायला धर्मनियमांप्रमाणे मांस विकणारा खाटीकही जवळ असलेला बरा. धर्मशास्त्रानं नगररचनेचं पुस्तक लिहिलेलं नाही, पण परिणाम तोच झाला. माणसाला पायी जेवढं गाठता येईल तेवढंच गाव.

यातली सगळ्यात मजेदार गोष्ट म्हणजे ‘एरूव’. शब्बाथला घराबाहेरच्या सार्वजनिक जागेत काही वाहून न्यायला मनाई आहे. किल्ली नाही, पुस्तक नाही, कडेवरचं मूलही नाही. घराच्या आत मात्र चालतं. मग तान्ह्या मुलाच्या आईनं दर शनिवारी कोंडून घ्यायचं का? यावर रब्बींनी तोड काढली. दोन खांब आणि वर आडवी तार असली की ती दाराची चौकट धरायची. आपल्या सुताराच्या भाषेत खांब म्हणजे बाह्या आणि तार म्हणजे गणेशपट्टी, फक्त या गणेशपट्टीवर गणपती नसतो. अशा चौकटींनी सगळा मोहल्ला वेढला की तो शास्त्रापुरता एकच घर ठरतो. त्यासाठी आतली जागा शहराच्या अधिकाऱ्यांकडून नाममात्र रकमेत ‘भाड्यानं’ घ्यावी लागते आणि सगळ्यांच्या मालकीचं थोडं अन्न, बहुधा पापडासारखी बेखमिरी भाकरी, एका ठिकाणी ठेवावं लागतं, कारण एका घरात राहणाऱ्यांची भाकरी एक असते. तार दर आठवड्याला तपासली जाते. वादळानं तुटली तर शुक्रवारच्या संध्याकाळआधी सगळ्यांना निरोप जातो. रस्त्यानं जाणाऱ्या परक्याला ती विजेच्या तारांच्या गर्दीत दिसतही नाही.

या धार्मिक विणीवर व्यवहाराचा दुसरा पदर होता. १८८१ नंतर पूर्व युरोपातल्या, विशेषतः रशियन साम्राज्यातल्या, ज्यूविरोधी दंगलींना आणि गरिबीला कंटाळून १९२४ पर्यंत वीस लाखांहून जास्त ज्यू अमेरिकेत आले. न्यूयॉर्कच्या लोअर ईस्ट साइडमध्ये उतरलेला माणूस आधी आपल्या गावचं मंडळ शोधी. या मंडळांना ‘लांड्समनशाफ्ट’ म्हणत. गिरणगावात कोकणातल्या एकेका गावाच्या मंडळाच्या खोल्या असत, तिथे नवा आलेला गडी वळकटी टाकून पडायचा आणि कोणीतरी त्याला गिरणीत चिकटवायचा, ते ज्यांना ठाऊक आहे त्यांना हा प्रकार समजावून सांगायला नको. लांड्समनशाफ्ट आजारपणात पैसे देई, कर्जाला जामीन मिळवून देई आणि स्मशानात जागा राखून ठेवी. परक्या देशात मरताना आपल्या गावच्या माणसाशेजारी पुरलं जाण्याची खात्री ही लहान गोष्ट नव्हती.

३. वायली अव्हेन्यू

हीच कहाणी दुसऱ्या टोकाकडून पाहायला पिट्सबर्गसारखं शहर नाही. पोलादाच्या कारखान्यांच्या या शहरात मधोमध एक चढण आहे, तिला सगळे नुसतं ‘द हिल’ म्हणतात. वायली अव्हेन्यू हा तिथला मुख्य रस्ता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला या हिल डिस्ट्रिक्टमध्ये ज्यू होते, इटालियन होते, सीरियन होते आणि कृष्णवर्णीयही होते. सेंटर अव्हेन्यूवर ज्यूंनी चालवलेलं आयरीन कॉफमन सेटलमेंट होतं. तिथे इंग्रजीचे वर्ग चालत आणि तिथल्या परिचारिका घरोघर फिरत. पुढे कृष्णवर्णीयांची संख्या वाढत गेली. १९१० ते १९७० या काळात सुमारे साठ लाख कृष्णवर्णीयांनी दक्षिणेतली कापसाची शेतं आणि तिथला जुलूम सोडून उत्तरेच्या आणि पश्चिमेच्या शहरांची वाट धरली. इतिहासात याला ‘ग्रेट मायग्रेशन’ म्हणतात. पिट्सबर्गच्या पोलाद कारखान्यांच्या भट्ट्यांना माणसं हवी होती, आणि आलेल्यांना हिलशिवाय फारशी जागा नव्हती.

त्यांच्या वस्तीला मिन्यानचा नियम नव्हता, एरूवची तार नव्हती. तरी वीण तयार झाली. तिचे धागे गरजेतून निघाले होते. मध्यभागी चर्च. रविवारच्या प्रवचनाबरोबरच नोकरीची बातमी, अडल्यावेळची मदत, मयताचा खर्च, सगळं तिथून निघे. बेथेल ए.एम.ई. चर्चची मंडळी तर १८०८ पासूनची. ‘पिट्सबर्ग कुरियर’ हे कृष्णवर्णीयांचं साप्ताहिक दुसऱ्या महायुद्धानंतर साडेतीन लाखांच्या खपावर गेलं. त्याचे गठ्ठे रेल्वेच्या पुलमन डब्यांतले कृष्णवर्णीय परिचर दक्षिणेत पोहोचवत, कारण तिथे ते उघड विकणं जिवावर बेतू शकत होतं. या पत्राचा छायाचित्रकार टीनी हॅरिस यानं सुमारे ऐंशी हजार निगेटिव्ह मागे ठेवल्या. त्यात बारसं आहे, बेसबॉल आहे, नवी गाडी घेतलेला माणूस आहे. बाहेरच्या वर्तमानपत्रांत हिलचं नाव बहुधा गुन्ह्याच्या बातमीतच यायचं, या चित्रांत मात्र शेजारी एकमेकांना ओळखतात असं दिसतं.

बँका कर्ज देत नसत, म्हणून ‘नंबर्स’चा धंदा करणारे सावकारही होते. तीन आकडे, चार पैसे आणि नशीब: आपल्या मटक्याचा हा अमेरिकन चुलता. गस ग्रीनली हा त्यातला बडा माणूस. त्यानं क्रॉफर्ड ग्रिल हा जॅझचा अड्डा चालवला, बेसबॉल संघ पोसला, १९३२ मध्ये स्वतःचं मैदानही बांधलं. हा धंदा बेकायदा होता आणि त्यात गरिबांचेच पैसे जात होते, हे झाकायचं कारण नाही. पण दुकान टाकायला भांडवल मागायचं तर दुसरं दार कुठलं होतं? तीच गोष्ट टॅक्सीची. परवानाधारक टॅक्सीवाले हिलवर यायला तयार नसत. मग लोकांनी आपल्याच गाड्या काढल्या. त्यांना ‘जिटनी’ म्हणत. एक खोली, भिंतीवर एक टेलिफोन, वाट बघत बसलेले चार चालक. बाजारातून पिशव्या घेऊन परतणारी म्हातारी फोन करी आणि चालक सामान तिच्या जिन्यापर्यंत नेऊन देई. हिलवर जन्मलेल्या ऑगस्ट विल्सन या नाटककारानं विसाव्या शतकातल्या कृष्णवर्णीयांच्या आयुष्यावर दहा नाटकं लिहिली. त्यातली नऊ हिलवरच घडतात आणि एकाचं नावच ‘जिटनी’ आहे. त्या नाटकातलं जिटनी स्टेशन पाडलं जाणार असतं.

४. एकाच नकाशाचे दोन रंग

विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकात हिलवरचे ज्यू पाच-सहा किलोमीटरवरच्या स्क्विरल हिलकडे सरकू लागले. नाव खारींच्या टेकडीचं, पण झाडं असलेल्या रुंद रस्त्यांचा तो सुखवस्तू भाग होता. ही माणसं सुटी सुटी गेली नाहीत. मागोमाग सिनेगॉग गेलं, खाटीक गेला, बेकरी गेली, सेटलमेंटचं कामही गेलं. मरे आणि फोर्ब्ज या दोन रस्त्यांच्या चौकात आज ज्यू कम्युनिटी सेंटर आहे आणि त्याच्या घड्याळावर आकड्यांच्या जागी हिब्रू अक्षरं आहेत. असं स्थलांतर एकट्या पिट्सबर्गचं नाही. न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये लेनॉक्स अव्हेन्यू आणि १२० व्या रस्त्याच्या कोपऱ्यावर १९०७ मध्ये टेंपल इस्रायल हे भव्य सिनेगॉग बांधलं गेलं. ज्यू हार्लेम सोडून गेले, आणि १९२५ पासून तिथे माउंट ऑलिव्हेट बॅप्टिस्ट चर्च आहे. खिडक्यांच्या रंगीत काचांतले डेव्हिडचे षटकोनी तारे चर्चनं तसेच ठेवले.

मग कृष्णवर्णीय कुटुंबंही पुढे का सरकली नाहीत? इथे भिंतीचा विषय येतो. १९३० च्या दशकात अमेरिकन सरकारच्या एका गृहकर्ज संस्थेनं दोनशेहून जास्त शहरांचे नकाशे रंगवले. हिरवा म्हणजे कर्जाला उत्तम, मग निळा, मग पिवळा, आणि लाल म्हणजे धोका. हिल लाल होतं. कृष्णवर्णीयांची वस्ती हीच धोक्याची खूण मानली जात होती. १९३४ पासून सरकारचंच दुसरं खातं गृहकर्जांना विमा देऊ लागलं आणि तेही याच वळणानं गेलं. घराच्या खरेदीखतात ‘अमक्या वंशाच्या माणसाला विकणार नाही’ अशी अट घालायची पद्धत होती. ती कित्येक ठिकाणी ज्यूंनाही लागू होती. १९४८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं न्यायालयांना अशी वांशिक अट राबवायला बंदी केली. पण तोवर दोघांच्या वाटा फुटल्या होत्या. महायुद्धानंतर ज्यूंची गणना हळूहळू गोऱ्यांत होऊ लागली. न्यूयॉर्कजवळ १९४७ पासून लेव्हिटटाउनमध्ये सतरा हजारांहून जास्त स्वस्त घरं उभी राहिली. त्यांचा बांधकामदार विल्यम लेव्हिट स्वतः ज्यू होता, आणि त्यानं कृष्णवर्णीयांना एकही घर विकलं नाही.

कर्ज न मिळणं म्हणजे काय, ते एका उदाहरणानं पाहू. समजा, एका घराची रास्त किंमत दहा हजार डॉलर आहे. दलाल गोऱ्या मालकाला ‘काळे येताहेत, भाव पडणार’ असं घाबरवून ते आठ हजारांना घेतो. बँक ज्याला दारात उभं करत नाही अशा कृष्णवर्णीय कुटुंबाला तेच घर सोळा हजारांना, हप्त्यांवर विकतो. शेवटचा हप्ता फिटेपर्यंत घर दलालाच्याच नावावर. एक हप्ता चुकला की कुटुंब रस्त्यावर, भरलेले पैसे बुडीत, आणि घर पुन्हा विकायला मोकळं. शिकागोचं नॉर्थ लॉनडेल एके काळी सिनेगॉगांनी गजबजलेलं होतं. १९५० मध्ये तिथे ८७ टक्के लोक गोरे होते, १९६० मध्ये ९१ टक्के कृष्णवर्णीय, आणि असे व्यवहार तिथे घरोघर झाले. विकणाऱ्यांत ज्यू होते, आणि या व्यवहारांविरुद्ध कोर्टात झगडणारा वकील मार्क सॅटर हाही ज्यूच होता. १९६८ मध्ये या खरेदीदारांनी संघटना बांधली आणि हप्ते थांबवले. हप्त्याच्या धाकानं आईवडील दोन-दोन नोकऱ्या करत असतील, घरात पोटभाडेकरू कोंबले असतील, तर शेजारधर्माला वेळ कुठून काढायचा? वीण आतली माणसं घालतात, पण धागा महाग झाला की ती विरते.

५. घुमट

१९४३ मध्ये पिट्सबर्गच्या नगर परिषदेतल्या एका सदस्यानं लिहिलं की हिलवरच्या बहुतेक इमारती निकामी आहेत आणि त्या सगळ्या नष्ट झाल्या तरी समाजाचं काही नुकसान नाही. त्यानं इमारती मोजल्या होत्या. घरं खरंच वाईट होती: दाटीवाटी, फुटके जिने, अनेक ठिकाणी घरात संडास नाही. महापौर डेव्हिड लॉरेन्स यांच्या काळात शहराच्या कायापालटाची मोहीम निघाली आणि १९५६ मध्ये लोअर हिलवर पाडापाडी सुरू झाली. ९५ एकर जागा मोकळी झाली. सुमारे आठ हजार माणसं आणि चारशेहून जास्त दुकानं-व्यवसाय उठले. १९५७ मध्ये बेथेल चर्च पाडलं. जवळचं एपिफनी कॅथलिक चर्च मात्र वाचलं. मोकळ्या जागेत १९६१ मध्ये पोलादी घुमटाचं सिव्हिक अरीना उभं राहिलं. घुमट उघडायचा आणि आत आकाश दिसायचं. ते मुळात संगीतिकेसाठी बांधलं होतं. पुढे तिथे बर्फावरचं हॉकी रंगलं.

न्हाव्याचं दुकान, त्याच्यावरची खोली, समोरचं चर्च आणि कोपऱ्यावरचा जिटनीचा फोन हे चारही एकमेकांपासून पायी अंतरावर होते म्हणून उपयोगी होते. माणसं शहरभर विखुरली, काहींना सरकारी इमारतींत जागा मिळाल्या, काहींची घरं आधीपेक्षा बरी होती. पण ओळखीची माणसं आता दोन बस बदलून भेटत. मिंडी फुलिलव या मनोविकारतज्ज्ञ बाईंनी पिट्सबर्गसह तीन शहरांतल्या अशा उठवलेल्या लोकांचा अभ्यास केला आणि २००४ मध्ये ‘रूट शॉक’ हे पुस्तक लिहिलं. रोप मुळासकट उपटून दुसरीकडे लावलं की नव्या मातीत खत असूनही ते काही दिवस मान टाकतं, त्या अवस्थेचं नाव त्यांनी घेतलं. हिलच्या लोकांनी मात्र मान टाकली नाही. साठच्या दशकात त्यांनी सेंटर अव्हेन्यू आणि क्रॉफर्ड स्ट्रीटच्या कोपऱ्यावर मोठा फलक लावला: इथून पुढे पुनर्विकास नाही. त्या कोपऱ्याला आता फ्रीडम कॉर्नर म्हणतात, आणि पाडापाडी खरोखरच तिथे थांबली. उरलेल्या हिलला १९६८ मध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांच्या हत्येनंतरच्या जाळपोळीनं आणखी चटका दिला. नंतर कित्येक वर्षं तिथे धड किराणा-भाजीचं मोठं दुकान नव्हतं. २०१३ मध्ये एक उघडलं, ते २०१९ मध्ये बंद पडलं.

६. तीन आक्षेप

पहिला आक्षेप असा की हे सगळं गतकाळाचं गोड स्वप्न आहे. गळक्या छपराखाली माणसं एकमेकांना धरून राहतात ती नाइलाजानं, त्याला आपलेपणा का म्हणायचं? आक्षेपात दम आहे. हिलवरच्या कोणालाही सार्वजनिक संडासाचं प्रेम नव्हतं. पण नाइलाजानं सुरू झालेली गोष्ट कायम नाइलाजाचीच राहते असं नाही. वाळीत पडलेल्या माणसांनी काढलेलं वर्तमानपत्र साडेतीन लाख खपतं तेव्हा त्यात नाइलाजापेक्षा काही जास्त असतं. लोकांना हवे होते ते नळ आणि दुरुस्ती. मिळाला तो घुमट. घरं वाईट होती म्हणून नातीही टाकाऊ होती, असं मानण्यात गोम होती.

दुसरा आक्षेप जास्त अवघड आहे आणि तो विल्यम ज्युलियस विल्सन यांच्यासारख्या कृष्णवर्णीय समाजशास्त्रज्ञानंच १९८७ मध्ये मांडला. कायदे बदलले, दारं उघडली, तेव्हा डॉक्टर, शिक्षक, दुकानदार कृष्णवर्णीय वस्त्या सोडून निघाले. मागे राहिले ते सगळ्यात गरीब. मग वस्ती स्वातंत्र्यानंच मोडली असं नाही का? थोडं मोडलीही. पण ज्यूही निघालेच होते. फरक असा की ते निघाले तेव्हा संस्था हलवायला पैसा होता, नवी जागा विकत घ्यायला कर्ज होतं, आणि जिथे उतरले ते पुन्हा पायी अंतरातच. स्क्विरल हिलमधल्या ज्यूंची सांपत्तिक स्थिती चांगली होती आणि आहे, हे या टिकण्याचं मोठं कारण आहे. केवळ मिन्यानचा महिमा सांगून ते झाकता येणार नाही. उपनगरात गेलेली कृष्णवर्णीय कुटुंबं आजही रविवारी गाडीनं जुन्या चर्चला येतात. त्यांची निष्ठा कमी नाही. पण आठवड्यातून एकदा गाडीनं येणाऱ्याला शेजारची म्हातारी दोन दिवस दिसली नाही हे कळत नाही. २७ ऑक्टोबर २०१८ च्या शनिवारी स्क्विरल हिलमधल्या ट्री ऑफ लाइफ सिनेगॉगमध्ये एका माथेफिरूनं अकरा भाविकांना ठार मारलं. ज्यू रीत अशी की दफन होईपर्यंत मृतदेह एकटा सोडायचा नाही. शवविच्छेदनासाठी नेलेल्या त्या देहांसाठी स्वयंसेवक पाळीपाळीनं बसून राहिले. अशा वेळी कोणाला बोलवायचं आणि कोण येईल हे आधीपासून ठाऊक असावं लागतं.

तिसरा आक्षेप: इतकी घट्ट वीण असली की बाहेरचा परका होतो. ब्रुकलिनमधलं क्राउन हाइट्स याचं उदाहरण म्हणून पुढे केलं जाईल, आणि ते योग्यच आहे. बाकीचे ज्यू तो भाग सोडत असताना लुबाविच पंथाच्या गुरूंनी १९६९ मध्ये अनुयायांना तिथेच राहायला सांगितलं. त्यामुळे अतिपरंपरावादी ज्यू आणि कृष्णवर्णीय, त्यातही कॅरिबियन बेटांवरून आलेले, एकाच रस्त्यावर राहिले, पण दोन वेगळ्या गावांसारखे. ऑगस्ट १९९१ मध्ये गुरूंच्या ताफ्यातल्या गाडीखाली एक सात वर्षांचा कृष्णवर्णीय मुलगा मेला, त्याच रात्री एका ज्यू तरुणाला भोसकून मारलं गेलं आणि दंगल तीन दिवस चालली. भिंत नसतानाही दोन विणी एकमेकींना न शिवता शेजारी राहू शकतात, हे मान्य करायला हवं. मात्र घट्ट वीण बाहेरच्यांना नेहमी तोडतेच असं हिलचा अनुभव सांगत नाही. १९६६ मध्ये पिट्सबर्गमध्ये आजारी माणसाला पोलिसांच्या गाडीतून न्यायची पद्धत होती. पाठीमागे झोपवायचं, उपचार काही नाही. त्या नोव्हेंबरमध्ये भर सभेत कोसळलेल्या एका माणसाला असंच नेलं आणि तो वाचला नाही. ते होते डेव्हिड लॉरेन्स, ज्यांच्या कारकिर्दीत लोअर हिल पाडलं गेलं ते माजी महापौर. पुढच्याच वर्षी हिलवरच्या फ्रीडम हाउस या संस्थेनं डॉक्टर पीटर साफर यांच्या मदतीनं वस्तीतल्या बेकार तरुणांना सुमारे तीनशे तास शिकवून रुग्णवाहिकेवर नेमलं. रस्त्यावर खरे उपचार करणारी अमेरिकेतली ही अगदी सुरुवातीची सेवा. तिची वैद्यकीय प्रमुख झालेल्या नॅन्सी कॅरोलाइन या ज्यू डॉक्टरनं तिथल्या अनुभवावरून देशभर वापरलं जाणारं पाठ्यपुस्तक लिहिलं आणि पुढे इस्रायलच्या रुग्णवाहिका सेवेची घडी बसवली. १९७५ मध्ये शहरानं स्वतःची सेवा काढली, फ्रीडम हाउस बंद केलं आणि तिथल्या बहुतेक जुन्या माणसांना हळूहळू बाजूला सारलं.

७. दीड एकर

सिव्हिक अरीनाचा घुमट २०११-१२ मध्ये पाडला गेला. ज्यासाठी आठ हजार माणसं उठवली तो अर्धशतकही जेमतेम टिकला. त्यानंतर ती जमीन कित्येक वर्षं मुख्यतः गाड्या लावायला वापरली गेली. बेथेल चर्चची मंडळी दरम्यान हिलवरच थोडं वर नवं चर्च बांधून राहिली होती. भरपाई अपुरी होती आणि जमीन परत मिळावी, असं ते सांगत राहिले. जागेच्या विकासाचे हक्क आता शहरातल्या हॉकी संघाकडे होते. २०२३ मध्ये संघ आणि चर्च यांच्यात करार झाला: जुन्या जागेजवळची दीड एकर जमीन बेथेलला द्यायची. जुनं चर्च पाडल्याला तोवर सहासष्ट वर्षं झाली होती. जुन्या चर्चमध्ये ज्यांचा बाप्तिस्मा झाला होता अशी काही म्हातारी माणसं मंडळीत अजून होती. तिथे आधी काय बांधायचं याची चर्चा सुरू झाली, तेव्हा पुढे आला तो घरांचा विषय.